वेचणीच्या दिवसांतली त्रिपदी

दसरा सरला की आमच्या जानेफळच्या वाऱ्याला फुटलेल्या कापसाचा कोरडा, उबदार गंध येऊ लागतो, आणि माझ्या आठवीच्या वर्गातली मुलींची बाके एकेक करून रिकामी होतात. नेमके त्याच दिवसांत मला वर्ग त्रिपदीचे अवयव शिकवायचे असतात. पुस्तकाला कापूस ठाऊक नाही, कापसाला पुस्तक. मधल्यामध्ये माझी फजिती.

तशी त्रिपदी मोठी गुणी. बारा हा गुणाकार आणि सात ही बेरीज, अशा दोन्ही अटी एकाच वेळी पाळणाऱ्या दोन संख्या शोधा, एवढेच तिचे मागणे. पण तेराव्या-चौदाव्या वर्षीच हे का शिकवत असतील? त्याच वयात घर आणि शाळा मुलीकडे एकदमच काही मागू लागतात, आणि एकाचे ऐकावे तर दुसऱ्याचे राहून जाते, म्हणून तर नव्हे?

यंदा वैशालीचे बाक रिकामे झाले. पहिल्या वेचणीआधी शेतात दहीभाताचा नैवेद्य दाखवून सीतादही करतात, त्यासाठी म्हणून गेली ती वर्गात परतलीच नाही. सहामाहीत गणित राहिले तर शाळा बंद, असे तिच्या वडिलांनी सांगून टाकलेले. मला राहवेना. शाळा सुटल्यावर मी शेत गाठले, तिला बांधावर, म्हणजे आमच्याकडच्या धुऱ्यावर बसवले आणि बाराची त्रिपदी घातली. तिने पाच आणि दोन काढले. बेरीज जमली, गुणाकार फसला. "मले हे जमूनच नाही राह्यलं, मॅडम," म्हणाली आणि डोळे पुसू लागली. शेजारच्या ओळीत तिची आई ओटीत कापूस टाकता टाकता नुसती ऐकत होती. मग मी रोजच जात राहिले. हळूहळू वैशाली आधी गुणाकाराच्या जोड्या मांडू लागली आणि त्यांतून बेरजेची निवडू लागली.

गणिताच्या पेपरच्या सकाळी त्याच वाटेने शाळेत निघाले, तर शेत पांढरेफेक फुटलेले. पोरीला आज इथेच अडकवले असणार. पाहते तर आई एकटीच, दोन ओळींच्या मधून चालत दोन्ही हातांनी दोन्हीकडचा कापूस वेचत होती.

"वैशाली कुठं आहे?" मी विचारले.

"गेली ना शाळेत."

"अन् तुम्ही एकट्याच?"

तिने मान वर केली नाही, हातही थांबवले नाहीत.

"तिची ओळ मी वेचून टाकतो, मॅडम. तिचा पेपर थोडाच मले लिहता येते?"