वावराचा वरून काढलेला फोटो

माझे पेरणीचे तास दादापेक्षा सरळ होते. हे आधीच सांगून ठेवतो, म्हणजे पुढचं वाचून कोणाचा गैरसमज नको. तास म्हणजे पेरणीची ओळ. चांदूर बाजारच्या बाजूला आमचं एकच वावर होतं. अर्ध्यात दादा बैल जुंपून पेरणीची तिफन हाकायचा, अर्ध्यात मी. माझ्या अर्ध्याच्या मधोमध एक निंब होता. त्याच्याखाली भाकर सोडून बसलो की वाद सुरू व्हायचा.

"लहान्या, तुह्या ओळी पाहून साप लाजन," दादा म्हणायचा.

"तुह्याच डोळ्यात मोतीबिंदू हाय," मी म्हणायचो. बियाणं सोडणाऱ्या बायका पदर तोंडाला लावून हसायच्या.

वाद काही मिटला नाही. मग ते वावर मोठ्या रस्त्यात गेलं, निंबही गेला, आणि कोणाचे तास सरळ हे दाखवायला जमीनच उरली नाही. दादा अकोल्याला त्याच्या पोराकडे गेला, मी अमरावतीला माझ्या पोराकडे आलो. पुढे दादाचं कमरेचं हाड मोडलं. तेव्हापासून तो पलंगावरच आहे. तरी फोन लावला की त्याचं पहिलं बोलणं तेच, "काय बे, वाकड्या?" मला त्याच्याकडून दुसरं काही नको होतं. एकदा, फक्त एकदा, त्याच्या तोंडून निघावं की लहान्या, तुझा तास सरळ होता. तो आहे तोवर निघावं.

आता सुनेचं सांगतो. माझी सून घरी बसूनच कंपनीचं काम करते. काम संपलं की त्याच कॉम्प्युटरवर गेम खेळते. शिकलेली, कमावती बाई आणि खेळणं खेळते, हे मला पटलं नव्हतं. तोंडावर बोललो नाही, पण तिच्या खोलीकडे पाहायचंही सोडलं. मी चौथीपर्यंतच शिकलो, पण एकदा ठरवलं की ठरवलं.

एक दिवस पाण्याचा तांब्या घेऊन दारावरून चाललो होतो, तर कॉम्प्युटरच्या पडद्यावर वावर दिसलं. पाय आपोआप थांबले. उभं पीक, खाली आलेलं ऊन, दूरवर एक ट्रॅक्टर आणि त्याच्यामागे धूळ. पडद्याच्या कडेला आकडे होते, छोटा नकाशा होता. तिने काहीतरी दाबलं आणि ते सगळं गेलं. निव्वळ वावर राहिलं. मग ती बोट वर धरून बसली. दाबेना.

"कशाची वाट पाहून राहिली, पोरी?"

"उन्हाची, बाबा. अजून थोडं खाली येऊ द्या. धूळ चमकेल."

गेममधल्या उन्हाची वाट! मी हसणार होतो, पण तेवढ्यात धूळ खरोखरच चमकली. कापणीच्या दिवसांत संध्याकाळी चमकते तशी, अगदी तशीच. तिने बटण दाबलं, पडदा झपकन उजळला, आणि माझा हात आपसूक टोपीवर गेला. फोटो निघतो म्हटल्यावर माणूस टोपी सारखी करतोच. सुनेने ते पाहिलं, पण पाहिलं नाही असं दाखवलं. या बाईला माणसाचा मान ठेवता येतो हे मला त्या दिवशी कळलं.

मग तिने मला आधीचे फोटो दाखवले. त्याला स्क्रीनशॉट म्हणतात. एकात धुक्यात बुडालेलं फाटक होतं. एकात पावसानंतरचा रस्ता, त्यात चाकांच्या दोन खुणा, आणि गाडी कुठेच नाही. त्या खेळात पीक विकून पैसे मिळतात, नवे ट्रॅक्टर घेता येतात. हिला त्याचं काहीच नव्हतं. पीक कापायला आलं तरी ही कापायची नाही, आभाळ यायची वाट पाहायची. मी कौंडण्यपूरच्या यात्रेत फोटो काढून घेतला आहे. तिथला फोटोवाला "हलू नका" म्हणेपर्यंत मोकळा व्हायचा. एवढा धीर मी फक्त चांगल्या तिफनवाल्याजवळ पाहिला होता. म्हणजे माझ्याजवळ.

पण तिची पेरणी पाहिली आणि राहवलं नाही. "फोटो नंबर एक हाय, पण पेरा निरा वाकडा. मले पाहवत नाही."

ती खुर्चीवरून उठली. "मग बसा तुम्हीच."

मी बसलो. सुरुवातीला कुंपण तोडलं, एकदा नदीत गेलो. "ओढू नका बाबा, तो बैल नाही," ती म्हणायची. बैल असता तर त्याला माझी भाषा कळली असती, हे मी तिला सांगितलं. पण मी काही सोडणारा माणूस नाही. रोज दुपारी बसलो, आणि हात बसला. तेव्हा तिला म्हटलं, "आज पेरतो. फोटो चांगला काढ. दादाले पाठवाचा हाय."

तिने गेममध्ये सपाट, मोकळं वावर निवडून दिलं. दगड नाही, झाड नाही. मी पहिला तास धरला आणि मग त्याच्या कडेकडेने पेरत गेलो. चहा आला, गार झाला. पेरणी झाल्यावर तिने खालून एक फोटो काढला, धुऱ्यावर, म्हणजे बांधावर, उभं राहून पाहावं तसा. ओळी कशा, सुतात! मी मिशीवर हात फिरवला.

"थांबा," ती म्हणाली, आणि तिने नजर वर नेली. घार चढते तशी, गोल गोल, वर. मी आयुष्यभर तास मागून पाहिला, पुढून पाहिला, पण वरून कधी पाहिला नव्हता. पाहिला आणि तोंड उतरलं. ओळी मधोमध एका बाजूला झुकल्या होत्या आणि पुढे जाऊन परत सरळ झाल्या होत्या. एक नाही, सगळ्या.

"हा खोडून टाक. खालचा पाठव."

"बाबा, खालचा कोणाचाही असू शकतो. ट्रॅक्टर सगळ्यांना सारखाच मिळतो. या वरच्यातल्या रेघा तुमच्या आहेत."

"वाकड्या हायेत!"

"आहेत. पण किती छान वळल्यात ते बघा ना."

मी उठून बाहेर गेलो. अंगणात बसून राहिलो. राग तिचा नव्हता. खालचा फोटो पाठवून "सरळ" असं ऐकलं असतं, तर तो शब्द मी स्वतःच फसवून घेतला असता. आणि फसवून घेतलेली गोष्ट मी कधी खाल्ली नाही. आत गेलो आणि म्हटलं, "पाठव वरचाच. हसू दे त्याले."

थोड्या वेळाने दादाचा व्हिडिओ कॉल आला. मोबाईल त्याने नाकाला लावला होता. नुसती भुवई दिसत होती. मी शिव्या ऐकायची तयारी करून बसलो.

"लहान्या," तो म्हणाला, "निंब कुठी गेला?"

"कोणता निंब?"

"आपला! फोटोत वळसा घातला ना त्याले. मंग झाड काहून नाही दिसत?"

मी सुनेकडे पाहिलं. तिने फोटो परत पडद्यावर उघडला. ओळींचा बाक बरोबर तिथेच होता, जिथे माझ्या अर्ध्याच्या मधोमध निंब असायचा. इतकी वर्षं तिफन निंबाला टाळून नेली होती. झाड तुटलं, जमीन गेली, पण हाताला कोणी सांगितलं नव्हतं. मी मोकळ्या वावरातही त्याला टाळूनच पेरलं होतं. आणि हे मला दिसलं नाही, अकोल्यात पलंगावर पडलेल्या त्या म्हाताऱ्याला मोबाईलच्या एवढ्याशा काचेत दिसलं. तिफन हाकणाऱ्याची नजर आहे दादाची. हे मी त्याला सांगितलेलं नाही, सांगणारही नाही.

सुनेने तो फोटो मोठा छापून आणला. कागद चांगला जाड घेतला. सुट्टीच्या दिवशी ती आणि मी एसटीने अकोल्याला गेलो आणि फोटो दादाच्या पलंगासमोर भिंतीवर लावला. शेजारचा एक माणूस त्याला पाहायला आला होता. दादा त्याला हात करून सांगत होता, "हे आमचं वावर. वरून असं दिसे."

तो गेल्यावर मी विचारलं, "मंग? आता सांग. सरळ हाय का नाही?"

दादाने बराच वेळ फोटोकडे पाहिलं. "निंबापर्यंत सरळ हाय," तो म्हणाला.

"आन निंबाच्या पुढं?"

"पुढं मले काय माईत? मी सावलीत झोपत होतो."

मी हसलो, तो हसला. हसताना त्याच्या कमरेतून कळ आली तरी हसला. सुनेने मोबाईल वर धरला होता, आम्हा दोघांवर. दाबत मात्र नव्हती.

"हे पोरगी कशाची वाट पाहून राहिली बे?" दादाने मला विचारलं.

"खिडकीतल्या उन्हाची," मी टोपी सारखी करत म्हटलं. "गप बस आन हलू नको."