बुधीच्या हाकेला येणारं मुंगूस

कासा गावाच्या पलीकडच्या एका पाड्यावर बुधी एकटीच राहायची. नवरा गेल्यावर आपलं म्हणायला धाकटा भाऊ हाल्या तेवढा उरला होता. त्याचं घर अंगणापलीकडेच.

एकदा बांधावर कुत्र्यांनी मुंगसाची मादी फाडली. तिचं पिल्लू बुधीने पदरात घालून घरी आणलं. आधी दूध पाजलं, मग चिंचणीच्या सुक्या बोंबलाचे तुकडे चारले. मोठं झाल्यावर मात्र त्याने तिच्या हातचं खाणं जवळजवळ सोडलंच. शेतातले उंदीर, सरडे, बेडूक, खेकडे, जे सापडेल ते. अंडं मिळालं की पाठमोरं होऊन मागच्या पायांमधून दगडावर आपटायचं आणि चाटूनपुसून साफ करायचं. भाताच्या कणगीला उंदीर लागेनासे झाले. एका दुपारी तर त्याने उंबऱ्याशीच घोणस मारली. मुक्काम बांबूच्या बेटात, आणि यायचं ते फक्त बुधीच्या हाकेला.

मग हाल्याच्या बायकोची, तुळशीची, कोंबडीची पिल्लं नाहीशी होऊ लागली. तुळशी भांडायला आली. बुधीने नाकारलं नाही. "खाल्ली असतील. शिकार करूनच जगतंय ते. पिल्लं टोपलीखाली झाकत जा."

हाल्या मात्र शांतपणे म्हणाला, "बाय, मी त्याला लांब जंगलात सोडून येतो. इथं कुणीतरी दगड घालण्यापेक्षा बरं ना? तू नुसती हाक मार. माझ्याकडे येत नाही ते."

तिला पटलं. बेटापाशी जाऊन तिने हाक मारली. मुंगूस धावत आलं, तिच्या पायाशी थांबलं, आणि मागून हाल्याने जाळं टाकलं. ते किंचाळायला लागलं.

"सांभाळून ने रे," एवढंच ती म्हणाली.

दुसऱ्या दिवशी ती विळा मागायला हाल्याच्या मागल्या दारी गेली. कुडावर कातडं ताणून वाळत घातलं होतं. शेपटीचे केस ब्रश बनवणाऱ्याला विकायला जुडी बांधून वेगळे ठेवलेले.

"एवढ्या जवळ होतं होय रे तुझं जंगल?"

हाल्या ओशाळं हसला. "जनावर ते, बाय. त्याचं काय एवढं?"

"मारायचंच होतं, तर तुझं तू धरायचंस. मला कशाला हाक मारायला लावलीस?"

ती विळा न घेताच परतली.

काही दिवसांनी कासाच्या बाजारात पाड्याकडे जाणारी जीप भरत होती. आत बसलेल्या हाल्याने सरकून जागा केली. "ये, बाय."

बुधीने टोपली उचलली आणि ती मागच्या जीपकडे गेली.