माझ्या नावावरची जीप

“पुढं बसू नको बे. सीटला मेंढराचा वास लागंल.”

नव्या जीपची पूजा झाली त्या दिवशी मालकाच्या पोरानं मला हे ऐकवलं. धर्मापुरीच्या देवळासमोर, चारचौघांत. जीप पुसून लख्ख मी केली होती. हार मी बांधला, नारळ मी फोडला. आणि परतताना मी मागच्या हौद्यात, पेंडीच्या पोत्यांवर. पुढे मालक, पोरगा आणि दोघांच्या मध्ये मालकाचं कुत्रं. खोटं कशाला सांगू, मी त्या कुत्र्यावर जळलो. सगळी वाट मागच्या काचेतून त्याचे कान बघत आलो.

गंमत म्हणजे जीप माझ्या नावावर होती.

ही आमच्याकडची रीतच आहे. ज्या गाडीनं वाकडं काम करायचं, ती गड्याच्या नावावर घ्यायची. गडी म्हणजे मी. बाप मेंढरं वळायचा, मी मालकाच्या गोठ्यावर राबायचो. मालकाचं दुकान होतं, शेत होतं, आणि ढाब्यांवर चोरून दारू पोचवणं होतं. त्याबद्दल गावात कुणी तोंड उघडत नव्हतं. मला अंबाजोगाईला आरटीओत नेलं, सह्या घेतल्या. मालक हसून म्हणाला, “गाडीवाला झालास. पेढे वाट!” मी खरंच वाटले.

बायको म्हणाली, “जिच्यात बसाया मिळंना, तिचे पेढे कावून वाटता?”

मला तिचाच राग आला. पण तिचं बोलणं डोक्यातून जाईना.

रोज सकाळी जीप धुवायचो आणि जळायचो. माझ्या नावाची जीप मालकाच्या पोराच्या बायकोला बाजारला न्यायची. त्याच रस्त्यानं माझी बायको डोक्यावर पाटी घेऊन, तिचा धुरळा खात चालायची. लेक तापानं फणफणली तेव्हा मी जीप मागितली. पोरगा म्हणाला, “डिझेल तुजा बाप टाकनार हाय का?”  लेकीला खांद्यावर टाकून फाट्यापर्यंत चालत गेलो.

मग एक दिवस दारूबंदीवाल्यांनी जीप अडवली. पोरगा उडी टाकून उसात पळाला. जीप सापडली, पेट्या सापडल्या. पोलीस आले ते थेट माझ्या दारात. अख्खी गल्ली बघत होती.

मालकानं वकील दिला. म्हणाला, “भिऊ नको. पेट्या थोड्याच हायत, कोर्ट गाडी सोडतंय. तू निस्तं ‘माझी’ म्हन.”

परळीच्या कोर्टात न्यायाधीश मॅडमनी विचारलं, “जीप कोणाची?”

“माझी.”

शब्द बाहेर पडला आणि अंगावर काटा आला. हा शब्द मला किती आवडतो, ते मला तेव्हाच कळलं.

मॅडम म्हणाल्या, “निकाल लागेपर्यंत गाडी विकायची नाही. दुसऱ्या कोणाच्या ताब्यात द्यायची नाही. पुन्हा दारू सापडली तर जबाबदारी तुमची. समजलं?”

तुमची. मला आजवर घराबाहेर कुणी ‘तुम्ही’ म्हटलं नव्हतं. म्हटलं ते हे सांगायला.

ठाण्याच्या आवारात हवालदारानं गाडी ताब्यात मिळाल्याच्या सुपूर्तनाम्यावर सही घेतली आणि चावी माझ्या हातात ठेवली. पोरगा उभाच होता, गॉगल लावून.

“आन चावी. जा, मागं बस.”

हा उसात पळाला होता. कोर्टात उभा मी राहिलो होतो. आणि पुन्हा मागं मीच?

“न्हाई देनार.”

“मालक झालास व्हय बे?”

“तुमीच केलं.”

मालक पुढे आला. आवाज न चढवता म्हणाला, “तुला चालवाया तरी येती का?”

आवारातली माणसं हसली. हवालदारही हसला. येत नाही, हे खरंच होतं. कुणी शिकवलीच नव्हती. मी चावीकडे बघत उभा राहिलो. जीप यांचीच राहणार होती. तिचा गुन्हा तेवढा माझा. आज चावी दिली की उद्या पुन्हा पेट्या, पुन्हा पोलीस, पुन्हा माझं दार.

मी वळलो. ठाण्यात शिरलो. साहेबांच्या टेबलावर चावी ठेवली.

“गाडी हितंच ऱ्हाऊ द्या. ही खरी कुनाची हाय ते सांगतो. लिवून घ्या.”

काम गेलं. वकिलाचा निरोप आला, कोर्टात खोटं बोललास म्हणून आधी तूच आत जाशील. जाईन. जळणंही थांबलेलं नाही. ठाण्यावरून जाताना नजर अजून त्या जीपवर जाते.

पण तारखेला मी जाणार आहे. जीप कोणाची, असं मॅडम विचारतील. मी मालकाचं नाव घेणार. पूर्ण घेणार. त्याच्या बापाच्या नावासकट, आडनावासकट.