मेजाशी बसलेला मृत

आमच्या चित्रपट मंडळाच्या रौप्यमहोत्सवी स्मरणिकेत सचिवांनी लिहिले आहे की, त्या रविवारी रिळांच्या डब्यांचा क्रम माझ्या हातून चुकला. हे असत्य आहे, आणि लिहिणाऱ्यालाही ते ठाऊक आहे.

नव्वदच्या दशकात गंगापूर रोडवरच्या एका शाळेच्या सभागृहात, खिडक्यांवर घोंगड्या टाकून, आम्ही रविवारी सकाळी चित्रपट दाखवत असू. त्या दिवशी पुण्याहून जर्मन बोलपट आला होता. चित्रपट नुकता बोलू लागला होता, त्या काळातला. त्यातल्या घरफोड्यांच्या टोळीचा एकच कायदा: पकडले गेलो तरी सोबत्याचे नाव घ्यायचे नाही. एक जण ते घेतो. टोळी त्याला संपवते आणि त्याच्या दफनाला टोप्या काढून उभी राहते.

मग पुढचे रीळ लागले, आणि तोच माणूस सोबत्यांच्या मेजाशी बसलेला दिसला. आधीचा डबा नंतर चढला होता. ध्वनीतल्या खरखरीतून त्याचे घोगरे, शांत बोलणे ऐकू येत होते. टोळीतले कोणीही त्याच्याकडे पाहत नव्हते. प्रेक्षक हसले, असे आता सांगितले जाते. कोणीही हसले नाही. मी यंत्राशेजारी उभा होतो. नंतरच्या चर्चेत एका प्राध्यापकांनी त्या मृताला टोळीची सदसद्विवेकबुद्धी ठरवले, तेव्हा टाळ्या मात्र पडल्या.

यंत्राच्या खोलीत आम्ही तिघेच होतो: यंत्रचालक, सचिव आणि मी. चूक कोणाची, हे तिघांनाही कळले होते. सचिव मला हलकेच म्हणाले, "मास्तर, नाव कुणाचंच बाहेर जायचं नाही." यंत्रचालकाने आणि मी मान डोलावली.

पुढे यंत्रचालक वारला. महोत्सवात तोच चित्रपट डीव्हीडीवरून, योग्य क्रमाने दाखवला गेला. स्मरणिका सर्वांच्या मांडीवर होती. मेजाचा प्रसंग आला, आणि या खेपेला अख्खी टोळी पापणी न लववता त्या माणसाकडे पाहत होती. त्या सकाळी कोणी पाहत नव्हते. डीव्हीडी काहीही दाखवो.

दिवे लागले. पुढच्या रांगेतल्या एका सभासदाने वळून विचारले, "म्हणजे सर, घोटाळा तुमचाच होता तर?"

एक नाव घेतले असते, तर मी सुटलो असतो.

"माझा नव्हता," मी म्हणालो. "कुणाचा, ते विचारू नका."

सारे सभागृह माझ्याकडे पाहत होते, पापणी न लववता. एकटे सचिव पडद्याकडे पाहत होते, आणि पडद्यावर आता काहीच नव्हते.