“ती काय म्हणाली ते सांगा”

घटस्फोटाचा अर्ज समोर आला की आमचे जज्जसाहेब अंगातला काळा कोट काढून खुंटीला अडकवत. नवरा-बायकोला चेंबरमध्ये बोलावत आणि दोघांच्या वकिलांना म्हणत, “तुम्ही कँटीनमध्ये चहा घ्या. सावकाश घ्या.” मी मात्र आत बसायची. सत्तरच्या दशकाच्या अखेरीला नाशिकच्या कोर्टात मी त्यांची स्टेनो होते. “आत एखादी बाई असली की बाईमाणसाला धीर येतो,” असं ते म्हणत. पण वही मिटायला लावत. आतलं बोलणं कागदावर येणार नाही, हे त्या दोघांना दिसायला हवं, असा त्यांचा आग्रह असे.

निकालाआधी समेटाचा प्रयत्न करायचा, असं कायदाच सांगतो. पुष्कळ ठिकाणी तो दोन मिनिटांत उरकला जाई. साहेब तासभर घालवत. रीत एकच. एकानं बोलायचं आणि दुसऱ्यानं उत्तर देण्याआधी तेच परत सांगायचं, पहिल्याचं समाधान होईपर्यंत.

ओझरच्या विमान कारखान्यातला एक फिटर होता. बायको दोन वर्षं माहेरी, सायखेड्याला, म्हणून त्यानं अर्ज केलेला. साहेबांनी तिला विचारलं तेव्हा ती खाली बघत म्हणाली, “माझी माय गेली. हे दहाव्याला बी आले नाय.”

“ती काय म्हणाली ते सांगा,” साहेब नवऱ्याला म्हणाले.

“म्हणते, मी सासरवाडीला येत नाय.”

“असं नाय म्हणले मी.”

“परत सांगा.”

“म्हणते, तिच्या माणसांना मी मान देत नाय.”

“हे बी नाय.”

त्यानं पहिल्यांदाच मान वळवून तिच्याकडे पाहिलं. मग म्हणाला, “तिची माय गेली. मी आलो नाय. ती एकटीच रडली.”

शेवटचं वाक्य तिनं म्हटलंच नव्हतं. तिनं पदर डोळ्यांना लावला. पुढच्या तारखेला दोघं एकाच एसटीनं आली आणि अर्ज मागे घेतला.

पण मला साहेबांचा खरा अभिमान वाटला तो पुढे कधीतरी, दुसऱ्याच एका अर्जावर. मालेगावकडची एक बाई होती, कपाळावर टाक्यांची खूण. तिनं नवऱ्याचं बोलणं शब्दन् शब्द परत सांगितलं. तिचं सांगायची पाळी आली तेव्हा तो हसला. “बायकांचं काय ऐकायचं, साहेब?” तिला विचारलं, तर ती एवढंच म्हणाली, “मला परत नांदायला जायचं नाही.” बाहेर तिचा सख्खा भाऊच हात जोडून उभा, घरच्या अब्रूसाठी अहिराणीत विनवत. “साहेब, समेट करी द्या. घरनी अब्रूना प्रश्न शे.”

साहेब शांतपणे म्हणाले, “कोर्टानं समजवायचं असतं, ढकलायचं नसतं.” आणि समेट शक्य नाही, असं त्यांनी मला लिहून घ्यायला सांगितलं.

ऐंशीनंतर त्यांची बदली झाली. निरोपाच्या समारंभात एका वकिलांनी साहेबांनी सावरलेल्या संसारांचं कौतुक केलं. साहेब उठले आणि म्हणाले, “आत जे बोललं गेलं ते तीन वर्षांत बाहेर फुटलं नाही, म्हणून लोक बोलले. त्याचं श्रेय या बाईंचं आहे.” सगळी वकीलमंडळी माझ्याकडे वळून बघत होती.

घरी आल्यावर यांना सांगितलं. हे म्हणाले, “नक्की काय म्हणाले? परत सांग.” मी पुन्हा सांगितलं, अक्षरही न बदलता.