पारूआजींचे हात

काल करावे गावातून जाताना उन्हात वाळत घातलेल्या जवळ्याचा वास आला आणि मी एकदम पारूआजींच्या अंगणात जाऊन पोचलो.

बारा वर्षांपूर्वी मी लग्नाच्या ऑर्केस्ट्रात कीबोर्ड वाजवायचो. पारूआजी गावातल्या लग्नांत धवले गायच्या. त्यांच्या चार ओळी माझ्या एका गाण्यात घालायच्या, एवढ्यासाठीच मी रेकॉर्डर घेऊन गेलो होतो. आजी हळदीचा धवला गाऊ लागल्या तसे त्यांचे हात समोर नसलेल्या नवरीला हळद लावू लागले. आधी गाल, मग खांदे, मग पावलं. मी बघतच राहिलो. मध्येच थांबून आजी म्हणाल्या, "आवाजच नेशील? माजे हात काय बोलतान, ते कोन बगनार?"

मी मोबाईल काढून व्हिडिओ सुरू केला. आजींनी पुन्हा पहिल्यापासून सुरुवात केली. शेजारच्या दोघीजणी हसत येऊन साथीला बसल्या, आणि मी वेड्यासारखा त्यांच्याभोवती फिरत राहिलो.

घरी येऊन पाहिलं तर चित्र सगळं हललेलं. तेव्हा फार वाईट वाटलं होतं. पण ते गाणं मी कधी पुरं केलंच नाही, आणि माझा पहिला माहितीपट त्याच हलत्या चित्रानं सुरू झाला. गावच्या देवळासमोर तो दाखवला, तेव्हा आजी खुर्चीतून उठल्या आणि पडद्यावरच्या स्वतःलाच मोठ्यानं साथ देऊ लागल्या.