ठोक्या फरार झाला तेव्हा

गॅरेजात सगळे त्याला ठोक्या म्हणत. चेपलेला पत्रा त्याच्या हातोडीखाली मुकाट्याने सरळ व्हायचा. माणूस मात्र तापट, नाकावर माशी बसू द्यायचा नाही.

एका दुपारी पेंटर दारू पिऊन आला आणि ठोक्याच्या बहिणीबद्दल घाण बोलला. ठोक्याने त्याची कॉलर धरली. पेंटरने रंग जाळायचा पेटता बर्नर उचलून थेट त्याच्या तोंडावर धरला. कान भाजला, कातडी लोंबली. ठोक्याने हातोडी चालवली, ती पेंटर खाली पडल्यावरही थांबली नाही. जबडा मोडला, एक डोळा कायमचा गेला.

खटला उभा राहिला. त्याची ताई जामीन राहिली म्हणून ठोक्या बाहेर आला. पेंटरने आधी बर्नर धरला होता, हे एकट्या म्हाताऱ्या वॉचमनने पाहिलं होतं. वकीलबाई म्हणाल्या, "आपली पाळी आली की वॉचमनकाकांची साक्ष होईल. तू फक्त तारखा चुकवू नकोस."

पण पेंटर पिंजऱ्यात उभा राहिला, चष्मा काढून त्याने डोळ्याची रिकामी खोबण दाखवली आणि ठोक्याला वाटलं, आता आपण सुटत नाही. पुढच्या तारखेला तो गायब.

जामीन रद्द झाला, अटक वॉरंट निघालं. पोलिसांनी ताईच्या घराचं दार लाथेने तोडलं. "मेहुणा कुठंय?" भाऊजींना ठाऊक नव्हतं. त्यांचे पुढचे दोन दात तिथेच फरशीवर पडले. मग कोर्टाचा माणूस आला. ठोक्या फरार असल्याचं त्याने गल्लीत मोठ्याने वाचून दाखवलं आणि कागद दारावर चिकटवला. तरीही तो आला नाही, तेव्हा त्याच्या नावावरची खोली सील झाली. ताईलाही कोर्टात उभं केलं: जामीन राहिलात, आता माणूस हजर करा.

ठोक्या दूरच्या एका शहरात भंगारच्या आवारात गाड्या तोडत होता. त्याच्या जुन्या सोबत्याने ताईला पत्ता दिला. ती एकटीच गेली.

"चल," ती म्हणाली.

"ताई, मला आत टाकतील."

"भाऊजींचं तोंड बघितलंस का तू? चल."

त्याने तिला ढकललं. ती कापलेल्या पत्र्यावर पडली, कोपरापासून मनगटापर्यंत हात फाटला. ती उठली. शेजारी पडलेला जॅकचा दांडा उचलला आणि सगळा जोर लावून त्याच्या गुडघ्यावर हाणला. हाड मोडल्याचा आवाज आवारभर ऐकू गेला. तो कोसळला. ती त्याच्या छातीवर बसली आणि कामगारांना म्हणाली, "पोलिसांना बोलवा. हा माझा भाऊ आहे."

या खेपेला जामीन मिळाला नाही. लंगडत तो पिंजऱ्यात आला. बचावाची पाळी आली तेव्हा त्याने भाजलेला कान दाखवला, बर्नरचं सांगितलं.

न्यायाधीश म्हणाले, "जीव वाचवायला मारलंस, तर पळालास का?"

ठोक्या पळालेला असताना वॉचमन वारला होता. पेंटरला जायबंदी केल्याबद्दल ठोक्याला शिक्षा झाली आणि फरार राहिल्याबद्दल वेगळी. पहिली संपल्यावर दुसरी सुरू होणार होती.

ताई तुरुंगात भेटायला गेली. जाळीपलीकडे तो लंगडत येऊन बसला. मग म्हणाला, "काका असते तर सुटलो असतो गं."

"मी गेले होते त्यांना बघायला, दवाखान्यात," ताई म्हणाली. "श्वास पुरत नव्हता. तरी विचारत होते, पोराची तारीख कधी आहे, मला गाडीत घालून न्या."

"मग तू काय सांगितलंस?"

"सांगितलं, अजून लागली नाही."

ठोक्याने कपाळ जाळीवर आपटलं, पुन्हा आपटलं. रक्त भुवईवरून खाली आलं, तसं शिपायाने त्याला मानगुटीला धरून मागे ओढलं. ताई उठली नाही. भेटीची वेळ संपेपर्यंत ती तिथेच बसून राहिली.